जॉन गॉफ, पुस्तके बांधणारा

इंग्लंडच्या दक्षिणेस केंट परगण्यात समुद्रकाठी सँडगेट नावाचे लहानसे गाव आहे. तेथे तारीख २२ ऑगस्ट १८१७ रोजी जॉन गॉफ याचा जन्म झाला. पुढे हाच मनुष्य मद्यपानाविरुद्ध बोलणारा वक्ता म्हणून अमेरिकेत व इंग्लंडात घरोघर माहीत झाला. परंतु त्याच्या वक्तृत्वाचे वर्णन करावे हा आमचा मुख्य हेतू नाही. दारूच्या व्यसनात सापडलेला मनुष्य दिवस कसा काढतो, पोटासाठी कोणते काम करतो, ते काम त्याच्या हातून कसे निसटते, आणि तो पुन्हा उभा राहू लागला म्हणजे त्याच्या वाटेत काय काय आडवे येते, हे गॉफच्या चरित्रात जितके उघड दिसते तितके फार थोड्यांच्या चरित्रात दिसते. कारण १८४५ साली त्याने स्वतःच आपली हकीकत छापून प्रसिद्ध केली, आणि तीत आपली लाज झाकून ठेवली नाही. असे एखादे घर ज्या मंडळीत नाही ती मंडळी विरळा. म्हणून उपदेशक बंधूंनी ही हकीकत सावकाश वाचावी.

गॉफचा बाप जुना शिपाई होता. स्पेन देशात नेपोलियनच्या फौजेशी झालेल्या लढायांत तो लढला होता, व त्याला सरकारातून वर्षाला वीस पौंड पेन्शन मिळे. एवढ्यावर घर चालत नसे. आई गावातली शाळा चालवीत असे आणि उरल्या वेळात जाळीदार लेस विणून विकत असे. मुलगा वाचण्यात हुशार निघाला. गुलामांचा व्यापार बंद करविणारे प्रसिद्ध विल्बरफोर्ससाहेब सँडगेटास हवा पालटण्यास आले असता या पोराने त्यांना वाचून दाखविले, व त्यांनी त्याचे कौतुक केले. एकदा आई डोव्हर शहरापर्यंत कित्येक मैल पायी जाऊन लेस न विकताच थकून परत आली. त्याच दिवशी कोणा सद्गृहस्थाने वाचनाबद्दल मुलाच्या हातावर काही शिलिंग ठेवले होते. ते त्याने आईच्या पुढ्यात ठेवले, तेव्हा तिने गुडघे टेकून देवाचे उपकार मानले. ही गोष्ट तो म्हातारपणापर्यंत सांगत असे.

बारा वर्षांचा झाल्यावर बापाने त्याला अमेरिकेस जाणाऱ्या एका कुटुंबाच्या स्वाधीन केले. त्यासाठी बापाने दहा गिनी भरल्या, आणि त्या लोकांनी मुलाला धंदा शिकवून एकविसाव्या वर्षापर्यंत सांभाळावे असे ठरले. १८२९ च्या जून महिन्यात जहाज निघाले. वारा पडल्यामुळे ते सँडगेटाच्या समोरच समुद्रात खोळंबले, तेव्हा आई व धाकटी बहीण रात्री मचव्यात बसून त्याला आणखी एकदा भेटून गेल्या. अमेरिकेत न्यूयॉर्क संस्थानातील एका शेतावर त्याची दोन वर्षे गेली. त्या घरी त्याला ना शाळेत पाठविले ना शब्बाथ शाळेत. शेवटी बापाची परवानगी पत्राने मागवावी असे त्याने ठरविले. टपालाला पैसे नव्हते म्हणून आपला चाकू विकला, आणि परवानगी येताच १८३१ च्या अखेरीस न्यूयॉर्क शहरात आला. तेव्हा त्याच्या खिशात अर्धा डॉलर होता.

त्या शहरात मेथडिस्ट मंडळीचा पुस्तके छापून बांधण्याचा मोठा कारखाना होता. तेथे त्याला जागा मिळाली, व तेथेच तो बुकबाईंडरीचा धंदा शिकला. छापील कागदांच्या घड्या घालणे, त्या शिवणे, पुस्तक दाबात घालून आवळणे, पुठ्ठ्यावर चामडे चढविणे आणि त्यावर सोन्याच्या वर्खाने अक्षरे उठविणे, या सर्व कामांत त्याचा हात चांगला बसला. वाचकांनी हे ध्यानात ठेवावे, कारण पुढे या हातांचे काय झाले हेच आम्हांला सांगावयाचे आहे.

१८३३ च्या ऑगस्टात त्याने आई व बहीण यांना बोलावून घेतले. बाप पेन्शनीसाठी मागे राहिला. तिघांनी दोन खोल्या घेतल्या व थोडे महिने संसार सुखाने चालला. मग हिवाळा आला, काम मंदावले, मुलाचे काम गेले आणि बहिणीचेही गेले. न्यूयॉर्कचा हिवाळा म्हणजे आपल्याकडील थंडी नव्हे. जळणावाचून तेथे माणूस मरतो. मुलगा रस्त्यातून लाकडाचे तुकडे वेचून आणी. आई आजारी पडून तिला मांसाचा रस्सा खावासा वाटला, तेव्हा त्याने आपला कोट गहाण टाकून मांस आणले. पुढील उन्हाळ्यात, तारीख ८ जुलै १८३४ रोजी, मुलाचे संध्याकाळचे जेवण तयार करता करता आईला झटका आला व ती जागच्या जागी गेली. पैसा नव्हता, ओळख नव्हती. म्युनिसिपालिटीच्या माणसांनी तिला साध्या पेटीत घालून गाडीतून बेवारशांच्या दफनभूमीत नेले. गाडीमागे ही दोन मुलेच चालत गेली. कोणी प्रार्थना केली नाही.

दुःखामुळे मनुष्य दारूकडे वळतो असे पुष्कळ लोक म्हणतात, व गॉफविषयीही तसे म्हणता येईल. परंतु त्याने स्वतः तेवढ्यावर दोष ढकलला नाही. त्याला उत्तम आवाज होता, नकला साधत, विनोदी गाणी येत. एकटा पडलेला सतरा-अठरा वर्षांचा कारागीर, हातात आठवड्याचा पगार, आणि गाणे संपताच पाठीवर थाप मारून पेला पुढे करणारे सोबती असा तो प्रकार होता. शिवाय तो काळही पाहिला पाहिजे. १८३० च्या सुमारास अमेरिकेत दर प्रौढ माणसामागे वर्षाला सुमारे सात गॅलन निव्वळ मद्यार्क प्याला जात होता, असा इतिहासकारांचा हिशेब आहे. व्हिस्की, म्हणजे धान्याची दारू, चहाकॉफीपेक्षा स्वस्त मिळे. कित्येक कारखान्यांत मजुरांना दुपारी पेला देण्याचा रिवाज होता. जेथे सगळेच पितात तेथे कोण बुडू लागला आहे हे बराच काळ कोणाच्या ध्यानात येत नाही.

पुढील सात-आठ वर्षांत त्याने पोटासाठी काय काय केले ते ऐकावे. न्यूयॉर्कात बुकबाईंडरी केली. ऱ्होड आयलंड संस्थानात ब्रिस्टल गावी कारखान्यात काम धरले व सोडले. प्रॉव्हिडन्स व बोस्टन येथे नाटकगृहात विनोदी पात्रे केली. नाटकगृह बंद पडले म्हणजे हा रस्त्यावर. न्यूबरीपोर्ट नावाच्या बंदरात पुन्हा बांधणीच्या कामावर राहिला. मग कोळ्यांच्या गलबतावर चढून उत्तरेस दूरच्या उपसागरात मासेमारीस गेला. किनाऱ्यास परतल्यावरही तो पीत राहिला. तेथेच त्याचे लग्न झाले. हत्यारे व दाब उधारीने घेऊन स्वतःचे दुकान घातले. पिण्यापायी गिऱ्हाईक गेले व दुकानही गेले. तेव्हा एका फिरत्या चित्रदर्शनवाल्याबरोबर लढाईचे देखावे दाखवीत गावोगाव हिंडला. अखेर मॅसॅच्युसेट्स संस्थानातील वुस्टर या गावी येऊन एका बांधणीच्या कारखान्यात रोजावर लागला.

दारूबाज मनुष्य आळशी असतो असा सर्वत्र समज आहे. गॉफ आळशी नव्हता. इतके धंदे आळशाच्या हातून होत नाहीत. धंदा नवा असे, मालक नवा असे, आणि पहिले काही आठवडे तो इतके चांगले काम करी की मालक खूष होई. मग एका शनिवारी पगार मिळे आणि सोमवारी तो कामावर येत नसे. मालक एकदा रागावे, दोनदा सोडून देई; त्याच्या हातच्या कसबामुळे तिसऱ्यांदाही ठेवी. वर्खाची अक्षरे उठविण्यास हात स्थिर लागतो, आणि आदल्या रात्री प्यालेल्याचा हात सकाळी थरथर कापतो. तो कंप थांबविण्यास पुन्हा एक पेला लागे. असे होता होता गोष्ट या थरास आली की पेल्यावाचून त्याला काम करता येईना, आणि पेल्यामुळे काम टिकेना. बाहेरच्या मनुष्यास वाटते की हा चैनीसाठी पितो. चैन पहिल्या एक-दोन वर्षांतच संपली होती. पुढे तो सकाळी उभे राहता यावे म्हणून पीत होता.

संध्याकाळी जवळ पैसे नसले म्हणजे तो गुत्त्यात जाऊन गाणी म्हणे, गोष्टी सांगे, निरनिराळे आवाज काढून लोकांना हसवी, आणि त्याबद्दल कोणी ना कोणी पेला देई. ही देखील एक मजुरीच होती, व सर्वांत हलकी. हसणाऱ्यांपैकी एकानेही त्याला कधी घरी जेवावयास बोलावले नाही. अंगावरचे कपडे विरले, नवे घेण्यास पैसा उरेना. सभ्य लोक रस्त्यात बाजूने जात, व तोही मान खाली घालून जाई. घरात बायको होती. तिच्याविषयी गॉफने फार थोडे लिहिले आहे, आणि त्या थोडे लिहिण्यातच बरेच कळते. वुस्टर येथे ती बाळंत झाली, आजारी पडली, आणि थोड्या दिवसांत ती व तिचे तान्हे मूल दोन्ही मरण पावली. दोघांची प्रेते घरात असता नवरा पिऊन पडला आहे ही वार्ता सगळ्या गावात पसरली. ती खरी होती. स्वतः गॉफनेच ती पुढे लिहून ठेवली.

त्यानंतर तो काही महिने कसाबसा जगला. एकदा जीव देण्याच्या विचाराने रेल्वेच्या रुळापर्यंत गेला व परत आला. वय पंचवीस वर्षांचे होते.

आता थोडे मागे जाऊन दुसरी एक गोष्ट सांगितली पाहिजे. १८४० च्या एप्रिल महिन्यात बाल्टिमोर शहरातील एका गुत्त्यात बसणाऱ्या सहा दारूबाजांनी आपसांत शपथ घेऊन एक मंडळी काढली व तिला वॉशिंग्टनचे नाव दिले. त्यापूर्वी मद्यनिषेधाच्या मंडळ्या नव्हत्या असे नाही. पण त्या चांगल्या लोकांनी चांगल्या लोकांसाठी काढलेल्या होत्या, व बुडालेल्यांची आशा त्यांनी बहुधा सोडलेली होती. या नव्या मंडळीत बुडालेलाच उभा राहून आपली हकीकत सांगे, आणि दुसऱ्या बुडालेल्यास हात देई. दोन-तीन वर्षांत ही चळवळ देशभर पसरली, आणि पुढे तितक्याच लवकर विस्कळीत झाली. परंतु एका व्यसनी मनुष्याने दुसऱ्यास सावरावे ही तिच्यातील कल्पना मेली नाही. १९३५ साली अमेरिकेतच दोन मद्यपी गृहस्थांनी याच रीतीने 'अल्कोहोलिक्स ॲनॉनिमस' ही संस्था सुरू केली. तिच्या सभा आज महाराष्ट्रातही भरतात व मराठीतून चालतात. तेथे फी लागत नाही, आणि धर्म किंवा जात विचारीत नाहीत.

१८४२ च्या ऑक्टोबरातील एका रविवारी संध्याकाळी गॉफ वुस्टरच्या रस्त्याने झोकांड्या खात चालला होता. थंडी पडू लागली होती व अंगावर पुरते कपडे नव्हते. मागून कोणी त्याच्या खांद्यास हात लावला. हा मनुष्य पाळक नव्हता, श्रीमंत नव्हता, विद्वानही नव्हता. जोएल स्ट्रॅटन त्याचे नाव. दारू न विकणाऱ्या एका खाणावळीत तो वाढप्याचे काम करीत असे. त्याने गॉफला नाव घेऊन हाक मारली, पूर्वी तू अब्रूदार मनुष्य होतास व अजूनही होशील असे सांगितले, आणि उद्या सायंकाळी टाऊन हॉलात मद्यनिषेधाची सभा आहे तेथे येऊन प्रतिज्ञापत्रावर सही कर, मी तुझ्या सोबतीस असेन, असे म्हटले. कित्येक महिन्यांत कोणी त्याच्याशी प्रेमाने बोलले नव्हते. गॉफने येण्याचे कबूल केले. त्या रात्री व दुसऱ्या दिवशीही तो प्यालाच. परंतु सोमवारी सायंकाळी तो फाटका कोट गळ्यापर्यंत आवळून सभेस गेला. दोन शब्द बोलला, आणि इतक्या कापऱ्या हाताने सही केली की ती त्याची त्यालाच ओळखू येईना.

येथे आम्हांला उपदेशकांस एक गोष्ट मुद्दाम सांगावयाची आहे. सही झाली म्हणजे काम झाले असे वाटते. खरे पाहता तेथून पुढचे सहा दिवस गॉफच्या आयुष्यातील सर्वांत भयंकर होते. मंगळवारी सकाळी तो कामावर गेला. दाब आवळण्याचा लोखंडी दांडा हातात धरला, तो त्याला वळवळणारा साप झाल्यासारखा दिसला. त्याने किंकाळी फोडली नाही. तो साप नव्हे, लोखंड आहे, असे मनाशी म्हणत धरून राहिला. मालकाला त्याने सांगितले की मी सही केली आहे व ती पाळणार आहे. मालकाने उत्तर दिले की सर्वजण असेच म्हणतात. तुझा मला भरवसा नाही, पण तुझ्या हातून ते घडो. मालकाचे चुकले असे आम्ही म्हणत नाही. त्याने पुष्कळदा फसवून घेतले होते. परंतु त्या शब्दांनी गॉफ गळून गेला, व आता सोडून द्यावे असे त्याच्या मनात आले. इतक्यात गुडरिच नावाचे गावातील एक वकील कारखान्यात आले. सभेत सही करताना त्यांनी गॉफला पाहिले होते. हात हातात घेऊन, धीर सोडू नकोस, माझ्या कचेरीत येत जा, तुझी ओळख ठेवण्यास मला आनंद वाटेल, इतकेच ते बोलले. गॉफ म्हणत असे की त्या दिवशी त्या दोन शब्दांनी आपण वाचलो.

मग तो खोलीत जाऊन पडला. झोप नाही, अन्न नाही, अंगास कंप, भिंतींवर तोंडे दिसत, अंधारात प्राणी चालत. आज वैद्यकशास्त्रास हे चांगले ठाऊक आहे की पुष्कळ वर्षे भारी प्रमाणात पिणाऱ्याने एकाएकी दारू तोडली असता दोन-तीन दिवसांत असा वात होतो, फिट येतात, आणि औषधोपचार न मिळाल्यास प्राणही जातो. तेव्हा कोणी भाऊ दारू सोडतो म्हणाला तर त्याला प्रार्थनेबरोबर दवाखान्याचीही वाट दाखवावी. त्याला भूत लागले असे समजून बांधून ठेवणे, मारणे किंवा उपाशी ठेवणे हा अघोर अपराध होय. गॉफच्या वेळी असे उपचार नव्हते. तो तरुण होता म्हणून, आणि देवाची दया म्हणून, निभावला.

काम सुरू राहिले. आता शनिवारचा पगार रविवारी शिल्लक राहू लागला. मंडळीच्या सभेत तो आपली हकीकत सांगू लागला, व ऐकणारे रडू लागले. गावाबाहेरच्या एका शाळेत त्याचे भाषण ठरले. आतले कपडे फाटके, म्हणून वर जुना जाड कोट गळ्यापर्यंत गुंड्या लावून घातलेला. यजमानांनी मोठ्या आदराने त्याला पेटलेल्या शेगडीजवळच बसविले. बिचारा घामाने भिजून गेला, पण गुंडी सोडता येईना. पुढे हा प्रसंग तो सांगे तेव्हा सभा पोट धरून हसे. जे अंग गुत्त्यात एका पेल्यासाठी नकला करून दाखवीत होते, तेच आता या कामी लागले. आमंत्रणे इतकी आली की त्याने मालकाकडे एक-दोन आठवड्यांची रजा मागितली. हातात काही पवित्र शास्त्राच्या प्रती अर्धवट बांधून ठेवलेल्या होत्या. परत येऊन पुऱ्या करतो असे सांगून तो गेला. त्या प्रती त्याच्या हातून पुऱ्या झाल्या नाहीत.

सही केल्यावर सहा महिनेही लोटले नव्हते, तोच १८४३ च्या वसंतात तो पडला. एकसारखी भाषणे करून शरीर थकले होते, डोके भणभणत होते. बोस्टनला गेला असता नाटकगृहातील जुने सोबती भेटले. जेवणाबरोबर त्यांनी ब्रँडीचा पेला पुढे केला, आणि त्याने तो घेतला. एका पेल्यावर तो थांबला नाही. शुद्धीवर आल्यावर लाजेने त्याचे काळीज फाटले. आता तोंड दाखविता येणार नाही, वुस्टर सोडून दूर निघून जावे, अशा विचाराने त्याने सामान बांधण्यास आरंभ केला.

आमच्या मते त्याच्या सबंध चरित्रात हाच खरा नाक्याचा प्रसंग आहे. पहिल्या सहीच्या वेळी गमावण्यासारखे त्याच्यापाशी काही नव्हते. आता नाव झाले होते; शेकडो लोकांनी त्याच्या शब्दावर सह्या केल्या होत्या. वुस्टरच्या मंडळीने त्याला हाकून दिले असते तर कोणी तिला दोष दिला नसता. आपली मंडळी काय करील हे प्रत्येक वाचकाने मनाशी पाहावे. आम्हांला तर पुष्कळ ठिकाणी असे दिसले आहे की पहिल्याने पश्चात्ताप करून आलेल्यासाठी आपण गाणी गातो, आणि तोच मनुष्य दुसऱ्यांदा आला म्हणजे त्याचे नाव वहीतून कमी करण्याची घाई करतो. उधळ्या पुत्राचा दृष्टांत आपण एकदाच घरी आलेल्या पुत्राचा समजतो. शिस्त नको असे आम्ही म्हणत नाही. परंतु दारूची ओढ हा एका रात्रीत जाणारा रोग नव्हे, आणि सोडू पाहणाऱ्यांपैकी पुष्कळ लोक एक-दोनदा तरी पडतात, हे आज डॉक्टर लोकही सांगतात.

वुस्टरच्या लोकांनी त्याला जाऊ दिले नाही. टाऊन हॉलात सभा भरली. तीत त्याने उभे राहून जे झाले ते काही न लपविता सांगितले, व पुन्हा सही केली. लोकांनी त्याचा हात हातात घेतला. त्यानंतरच्या एका वर्षात त्याने साडेतीनशेहून अधिक भाषणे केली, व त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात बॉइलस्टन गावच्या मेरी व्हिटकोम नावाच्या बाईशी त्याचे लग्न झाले. हिचे धैर्य मोठे म्हटले पाहिजे. ज्याच्या पहिल्या बायकोची गोष्ट सर्व गावाला ठाऊक होती त्याच्याशी तिने संसार मांडला, आणि तो बेचाळीस वर्षे चालविला.

१८४५ च्या सप्टेंबरात न्यूयॉर्क शहरी तो एकाएकी नाहीसा झाला, आणि आठवड्याने एका वाईट चालीच्या घरात आजारी अवस्थेत सापडला. कोणी ओळखीच्या म्हणविणाऱ्या मनुष्याने सोडावॉटरातून आपल्याला काही पाजले, व त्या गुंगीत आपण पुढे प्यालो, असे त्याने सांगितले. दारूच्या बाजूच्या वर्तमानपत्रांनी त्याची फार विटंबना केली. बोस्टन येथील ज्या मंडळीचा तो सभासद होता तिने चौकशी करून त्याचे म्हणणे मान्य केले. पुष्कळांनी केले नाही. खरे काय ते देवाला ठाऊक. आमचे म्हणणे इतकेच की मंडळीने त्याला टाकले नाही, आणि त्यानंतर चाळीस वर्षे तो पुन्हा प्याल्याचे कोणी सिद्ध करू शकले नाही.

नंतरची वर्षे थोडक्यात सांगता येतात. १८५३ साली लंडनच्या मद्यनिषेधक मंडळीने त्याला बोलाविले. थोड्या आठवड्यांसाठी गेलेला तो दोन वर्षे राहिला. १८५७ ते १८६० पर्यंत पुन्हा व १८७८ मध्ये तिसऱ्यांदा इंग्लंडास गेला. त्याच्या सर्व आयुष्यातील भाषणे नऊ हजारांवर भरतात असे म्हणतात. वुस्टरजवळ बॉइलस्टन येथे शेत व घर केले. दारूबंदीच्या कायद्यावाचून काही होणार नाही असे म्हणणाऱ्यांशी त्याचे एकदा वाकडे आले. १८५१ साली मेन संस्थानाने दारूबंदी केली होती. तो कायदा कित्येक ठिकाणी कागदावरच राहिला आहे असे त्याने १८५७ मध्ये एका खासगी पत्रात लिहिले, व ते पत्र छापले गेले. त्यावरून मद्यनिषेधवाल्यांतच भांडण पेटले, आणि लीस नावाच्या इंग्रज विद्वानाने हा गॉफ अजून चोरून गुंगीचे पदार्थ घेतो असे लिहिले. गॉफने अब्रूनुकसानीची फिर्याद केली. १८५८ मध्ये निकाल त्याच्यासारखा झाला व नुकसानभरपाई पाच गिनी ठरली. सुटका होऊन पंधरा वर्षे झाली तरी संशय सुटत नाही, हे व्यसनातून निघालेल्या प्रत्येकाच्या वाट्यास येते. त्याचा हात जरा कापला, डोळे जरा लाल दिसले, की शेजारी एकमेकांकडे पाहतात. गॉफनेही आपली लालसा समूळ नाहीशी झाली असा दावा कधी केला नाही.

जोएल स्ट्रॅटन शेवटपर्यंत साधा कामकरीच राहिला व १८६० साली मरण पावला. गॉफ त्याला शेवटच्या आजारात भेटला, आणि पुढे त्याच्या विधवेस मदत करीत राहिला.

तारीख १५ फेब्रुवारी १८८६ रोजी फिलाडेल्फिया शहराच्या फ्रँकफर्ड भागातील एका प्रेस्बिटेरियन देवळात गॉफचे भाषण चालू होते. तरुणांना उद्देशून तो बोलत असतानाच, आईला आला होता तसा झटका त्याला आला, व तो व्यासपीठावर कोसळला. तीन दिवसांनी, तारीख १८ रोजी, वयाच्या अडुसष्टाव्या वर्षी तो मरण पावला. त्याचे प्रेत वुस्टरला आणून तेथील दफनभूमीत पुरले.